पायी चाललेले आयुष्य

चर्चगेट ते विरार हे अंतर सुमारे ६० किलोमीटरचे. वसई, नालासोपारा, विरार या भागांतील असंख्य माणसे सकाळी एकदा आणि रात्री एकदा हे अंतर कापतात. एवढा प्रवास करूनही त्यांचे चालणे मात्र दोन फलाटांमधल्या जिन्यापुरतेच असते. गाडीत हातातील मोबाइल, कचेरीत संगणक आणि घरी पोहोचल्यावर दूरचित्रवाणी असा पडद्यांचा एक अखंड फेरा पूर्ण करून दिवस मावळतो. जीवदानीचा डोंगर स्टेशनातून दिसतो, तुंगारेश्वरची रांग गाडीच्या खिडकीतून दिसते, पण ती पायाखाली येण्याचा योग वर्षानुवर्षे येत नाही. आठवड्याला किमान १५० मिनिटे शरीराला मध्यम श्रम हवेत, अशी शिफारस जागतिक आरोग्य संघटनेने २०२० साली केली. ती वाचली जाते तीही बसूनच.

अशा बैठ्या जिण्यावर उपाय सांगणारे वैद्य आणि व्यायामशिक्षक पुष्कळ आहेत. परंतु मराठी वाचकाला डोंगराकडे नेण्याचे जे काम एका साहित्यिकाने केले, त्याची तुलना दुसऱ्या कोणाशी करणे कठीण आहे. गोपाळ नीलकंठ दांडेकर, अर्थात गोनीदा, यांचा व्यवसायही बैठाच होता. लेखनावर पोट भरणारा माणूस म्हणजे दिवसाचे आठ-दहा तास मांडी घालून कागदावर वाकलेला माणूस. शंभराहून अधिक पुस्तके नावावर असलेल्या या लेखकाने किती तास बसून काढले असतील, याचा हिशेब कोणीही मांडावा. तरीही गोनीदा म्हटले की डोळ्यांसमोर लेखनाचे मेज येत नाही. पाठीवर पिशवी टाकून गडाची वाट चढणारा एक काटक माणूसच उभा राहतो. त्यांच्या चरित्रातील हा विरोधाभास मुळापासून पाहण्याजोगा आहे.

गोनीदांचा जन्म ८ जुलै १९१६ रोजी अमरावती जिल्ह्यातील परतवाडा येथे झाला. परतवाडा हे सातपुड्याच्या पायथ्याचे गाव. चिखलदऱ्याकडे चढत जाणारा घाट आणि गाविलगडचा प्राचीन किल्ला याच डोंगरात आहेत. शाळेची गोडी फार काळ टिकली नाही. देशात सविनय कायदेभंगाचे वारे वाहू लागले होते आणि सातवीत शिकणाऱ्या या मुलाने वयाच्या तेराव्या वर्षी स्वातंत्र्याच्या चळवळीत उडी घेण्यासाठी घर सोडले. औपचारिक शिक्षण तिथेच संपले. पुढे साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळवणाऱ्या आणि अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदी बसलेल्या या माणसाकडे शाळेची साधी अखेरची परीक्षाही नव्हती. जे काही शिकणे झाले ते रस्त्यावर, धर्मशाळांत, मठांत आणि नदीकाठी झाले.

घर सोडलेल्या पोराला रस्ता जवळ करतो, पण तो त्याला सांभाळतोच असे नाही. उपासमार, ऊन-पाऊस, अनोळखी माणसांचे दरवाजे या सगळ्यांतून जाताना त्यांना गाडगे महाराजांचा सहवास लाभला. महाराजही अमरावती जिल्ह्याचेच. हातात खराटा, अंगावर चिंध्या, दिवसभर गाव झाडायचे आणि रात्री कीर्तनातून लोकांच्या डोक्यातील केर काढायचा, हा त्यांचा क्रम होता. गावोगाव पायी हिंडणाऱ्या त्या संतांचा संदेश पोहोचवण्यासाठी कोवळ्या वयातील गोनीदाही गावोगाव भटकले. श्रम हे हलके काम नसून तेच पूजेचे रूप आहे, हा संस्कार त्यांना कोणत्याही ग्रंथातून मिळण्याआधी या फिरस्तीतून मिळाला, असे म्हणावयास हरकत नाही. पुढे त्यांनी गाडगे महाराजांचे चरित्रही लिहिले.

वेदान्ताच्या अभ्यासाची ओढ त्यांना आणखी दूर घेऊन गेली. या भ्रमंतीतील सर्वांत मोठे पर्व म्हणजे नर्मदा परिक्रमा. अमरकंटकला उगम पावणारी नर्मदा सुमारे १३०० किलोमीटर वाहत भडोचजवळ समुद्राला मिळते. एका तीराने जाऊन दुसऱ्या तीराने परतायचे म्हणजे २६०० किलोमीटरच्या आसपास पायपीट आली. परिक्रमेचे नियम कडक असतात. नदी नेहमी उजव्या हाताला ठेवायची, मध्येच ओलांडायची नाही, जे मिळेल ते भिक्षेत घ्यायचे आणि जिथे रात्र होईल तिथे पथारी पसरायची. वाटेतले शूलपाणीचे अरण्य परिक्रमावासीयांच्या सत्त्वपरीक्षेसाठी प्रसिद्ध होते. तेथे अंगावरचे वस्त्रही लुटले जाते, अशी ख्याती होती. या अनुभवांच्या आधारे लिहिलेली ‘कुणा एकाची भ्रमणगाथा’ ही कादंबरी आजही परिक्रमेला निघणाऱ्या मराठी माणसाच्या हाती असते. तीत अध्यात्म आहे, ओढ आणि वियोग आहे, पण सोललेले तळवे आणि रिकामे पोटही आहे. पुस्तक टिकले ते या दुसऱ्या गोष्टींमुळे. वाचकाला वाट दिसते, कारण लिहिणाऱ्याने ती पायांनी मोजलेली आहे.

देश स्वतंत्र झाला त्या वर्षी, १९४७ साली, गोनीदांनी केवळ लेखनावर जगण्याचा निर्णय घेतला. मराठीत असा निर्णय घेणे आजही धाडसाचे ठरते. त्या काळी तर तो बेफिकिरीचाच वाटावा. नोकरी नाही, पदवी नाही, प्रपंच मात्र आहे. पुण्याजवळ तळेगाव दाभाडे येथे त्यांचे बिऱ्हाड थाटले गेले आणि हिंडत्या पायांना प्रथमच एका जागी बसण्याची सक्ती झाली. कादंबऱ्या, चरित्रे, कुमारांसाठीच्या ऐतिहासिक कथा, पुराणकथा, प्रवासवर्णने यांचा ओघ सुरू झाला. पानांवर पोट अवलंबून असले की बसावेच लागते. हे बसणे टाळता येण्यासारखे नव्हते, आणि त्यांनी ते टाळलेही नाही.

तळेगावचे स्थान मात्र भाग्याचे होते. गावाच्या पश्चिमेला सह्याद्रीची भिंत, आणि तिच्या आसपास लोहगड, विसापूर, तुंग, तिकोना, राजमाची असे किल्ले. हातातील मजकूर संपला की गोनीदा निघत. कधी सोबती असत, कधी एकटेच. तो काळ ध्यानात घ्यायला हवा. १९५० च्या दशकात किल्ल्यांची माहिती देणारी आजच्यासारखी पुस्तके नव्हती, नकाशे सहजी मिळत नव्हते, आणि गडाखालच्या वाडीपर्यंत एस.टी. पोहोचलेली नसे. मुंबईत ‘गिरिविहार’ ही गिर्यारोहकांची संस्था १९५४ साली स्थापन झाली, म्हणजे डोंगर चढणे हा छंद म्हणून नुकता कुठे रुजू लागला होता. किल्ल्यावर जाणे म्हणजे आधी काही कोस चालणे, मग चढणे, वाट चुकणे, पाण्याचे टाके शोधणे आणि देवळाच्या ओसरीवर रात्र काढणे होय. शरीर यातले काहीच फुकट करू देत नाही. पोटऱ्या भरून येतात, छाती फुलते, आणि चौथ्या-पाचव्या तासाला डोक्यातील कचेरी गप्प होते. हा अनुभव ज्याने घेतला आहे त्याला तो समजावून सांगावा लागत नाही.

सर्व किल्ल्यांत राजगडावर त्यांचा विशेष जीव होता. रायगडाला राजधानी नेण्यापूर्वी सुमारे पाव शतक शिवछत्रपतींचा संसार आणि कारभार याच गडावर होता. पद्मावती, सुवेळा आणि संजीवनी अशा तीन माच्या तीन दिशांना पसरलेल्या, आणि मधोमध आभाळात घुसलेला बालेकिल्ला. समुद्रसपाटीपासून त्याची उंची सुमारे १४०० मीटर भरते. बालेकिल्ल्याची चढण उभी आहे. हात, पाय आणि लक्ष तिन्ही एकाच वेळी कामाला लावल्याशिवाय ती सरत नाही. सुवेळा माचीवरील कातळाला पडलेले आरपार नेढे, संजीवनीची दुहेरी तटबंदी, पद्मावतीचे देऊळ आणि तळे या सर्व जागा गोनीदांनी केवळ पाहिल्या नाहीत. त्या त्यांनी वापरल्या. पुन:पुन्हा गेले, मुक्काम ठोकले, ऋतू बदलला की पुन्हा निघाले. एकदा शिखराला हात लावून यादीत खूण करायची आणि पुढच्या गडाकडे वळायचे, ही रीत त्यांची नव्हती. एखाद्या नातलगाकडे जावे तसे ते गडाकडे जात. नातलगाचे घर एका भेटीत कळत नाही, आणि गडही कळत नाही.

‘किल्ले’ आणि ‘दुर्गभ्रमणगाथा’ या पुस्तकांतून हा सगळा अनुभव वाचकांपर्यंत पोहोचला. त्यात इतिहास आहे, पण सनावळ्यांची रास नाही. गडाखालचा धनगर, वाट दाखवणारा पोरगा, ताक पुढे करणारी म्हातारी, पावसाने अडवलेला दिवस, चुकलेली पायवाट हेच त्यातील खरे प्रसंग. किल्ला म्हणजे पडके बुरूज नसून त्याच्या अंगाखांद्यावर जगणारी माणसे होत, ही दृष्टी त्यांनी मराठी वाचकाला दिली. महाविद्यालयात शिकणाऱ्या कित्येक पिढ्यांनी ‘दुर्गभ्रमणगाथा’ वाचून प्रथम पाठीला पिशवी अडकवली. चाकरमान्यांच्या घरांतील मुलेही त्यात होती.

या चढण्या-उतरण्यातूनच त्यांच्या गाजलेल्या कादंबऱ्या निघाल्या. पवन मावळात हिंडताना ‘पवनाकाठचा धोंडी’ हाती लागला. रायगडाच्या परिसरात ‘रानभुली’ भेटली. ‘जैत रे जैत’मध्ये ठाकरांचे जग आले. मधमाशीच्या दंशाने डोळा गमावलेला नाग्या अवघड सुळक्यावरचे पोळे झाडण्याच्या जिद्दीने पेटतो, आणि सारी कथा त्या एका चढाईकडे खेचली जाते. १९७७ साली जब्बार पटेल यांनी याच कथेवर चित्रपट काढला. मोहन आगाशे आणि स्मिता पाटील यांच्या भूमिका, ना. धों. महानोरांची गीते आणि हृदयनाथ मंगेशकरांचे संगीत यांमुळे तो घराघरांत पोहोचला. कर्नाळ्याचा सुळका महामार्गावरून जाता-येता दिसतो तेव्हा आजही अनेकांना नाग्याच आठवतो. चढाई ही करमणूक नसून माणसाची कसोटी असते, हे त्या कथेइतक्या नेमकेपणाने मराठीत क्वचितच आले असेल.

परंतु शहरी वाचकाच्या वर्मी लागणारी कादंबरी म्हणजे ‘माचीवरला बुधा’. मुंबईत उमेदीची वर्षे घालवलेला बुधा उतारवयात शहराला विटतो आणि राजमाचीवरच्या आपल्या मूळ जागी परततो. तिथे त्याला कोणी बोलावलेले नाही. हाताशी पैसा नाही, सोय नाही. सोबतीला एक कुत्रा, रानातली पाखरे आणि श्रीवर्धन-मनरंजन ही बालेकिल्ल्यांची जोडी. पाणी आणायचे तर चालायचे, जाळण हवे तर वेचायचे, पाऊस आला तर छप्पर शाकारायचे. कादंबरीत म्हणावे असे फारसे काही घडत नाही. तरीही चाळीच्या खोलीत वाचणाऱ्याला श्वास मोकळा झाल्यासारखे वाटते. ही कादंबरी आली तेव्हा मुंबईच्या गिरण्या जोरात होत्या, घराघरांत दूरचित्रवाणी पोहोचायची होती आणि संगणक तर कल्पनेतही नव्हता. शहराचा थकवा मात्र तेव्हाही होता. पडद्यांनी त्यात भर घातली इतकेच.

गोनीदांच्या लेखनावर आक्षेपही घेता येतात. त्यांची रानातली माणसे कधीकधी गरजेपेक्षा अधिक निर्मळ वाटतात. डोंगरातील दारिद्र्य, सावकारी, रोगराई यांची धार त्यांच्या भावुक शैलीत बोथट होते. वाडीवर राहणाऱ्याला चढण ही औषध वाटत नाही. दुखणेकऱ्याला झोळीत घालून खाली उतरवावे लागते तेव्हा ती शिक्षाच असते. आणि बुधासारखे सारे सोडून माचीवर जाऊन राहणे गृहकर्जाचे हप्ते भरणाऱ्या माणसाला शक्य नाही. स्वतः गोनीदांनाही ते शक्य नव्हते. त्यांनी बुधाला माचीवर पाठवले आणि आपण तळेगावात बसून लिहीत राहिले. मात्र अधूनमधून ते उठत आणि चढत. शहरातल्या वाचकाला बुधापेक्षा त्याचा हा लेखकच जवळचा वाटावा तो यासाठी.

मानसन्मान पुढे यथाकाल आले. घर सोडल्यापासूनच्या वणवणीची कहाणी सांगणाऱ्या ‘स्मरणगाथा’ला १९७६ साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. १९८१ साली अकोल्याच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांच्याकडे आले. ज्या वऱ्हाडातून पळून जाऊन त्यांनी आयुष्याला सुरुवात केली, त्याच वऱ्हाडाने हा मान दिला हे विशेष. छायाचित्रणाचाही त्यांना नाद होता. कॅमेरा घेऊन गड चढणे आजच्यासारखे सुखाचे नव्हते. फिल्म मोजून वापरावी लागे आणि ढग सरेपर्यंत वाट पाहावी लागे. त्यांनी टिपलेली दुर्गांची चित्रे पुढे पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाली. कित्येक तट-बुरूज नंतर ढासळले असल्याने ती आता दस्तऐवज म्हणूनही मोलाची ठरतात.

त्यांनी दाखवलेल्या वाटेवर आज गर्दी लोटली आहे. शनिवारी रात्री निघून रविवारी रात्री परतणारे जथे, अरुंद पायऱ्यांवर तासन्‌तास अडकलेली रांग, शिखरावर पोहोचताच उंचावलेले मोबाइल हे दृश्य नेहमीचे झाले आहे. पावसाळ्यात अपघात वाढले की प्रशासनाला बंदीचे आदेश काढावे लागतात. वसईकरांना याचे उदाहरण दूर शोधायला नको. तुंगारेश्वरच्या जंगलातील चिंचोटीच्या धबधब्यावर बुडून झालेल्या मृत्यूंमुळे तिथे वेळोवेळी मनाई करावी लागली. पडद्यापासून दूर जाण्यासाठी निघालेला माणूस पडद्यासाठीच चित्रे गोळा करून परततो, तेव्हा शरीर चढलेले असते, पण माणूस खालीच राहिलेला असतो. डोंगराची ओळख नसलेल्या पायांना त्याचा धाकही नसतो. गोनीदांच्या रीतीत ओळख आधी आणि धाडस नंतर येत असे.

वसई-विरारच्या रहिवाशाला ही ओळख करून घेण्यास राजगडापर्यंत जाण्याचीही गरज नाही. १५३४ साली गुजरातच्या बहादूरशाहाकडून पोर्तुगीजांकडे गेलेली आणि मे १७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी जिंकलेली वसई दारातच आहे. तिच्या तटावरून फेरी मारायची म्हटली तर अर्धा दिवस सहज जातो. अर्नाळ्याचा जलदुर्ग होडीने गाठावा लागतो. जीवदानीच्या तेराशेहून अधिक पायऱ्या भाविक चढतात, तशा त्या गुडघ्यांची परीक्षा म्हणूनही चढता येतात. २००३ साली अभयारण्य म्हणून घोषित झालेल्या तुंगारेश्वरच्या रानातील वाटा, कामणदुर्ग, सफाळ्याजवळचा तांदूळवाडीचा किल्ला, पालघर जिल्ह्यातीलच अशेरी आणि कोहोज असा हा चढत्या श्रेणीचा अभ्यासक्रम आहे. एकदा तुंगारेश्वर उन्हाळ्यात, एकदा भर पावसात आणि एकदा हिवाळ्याच्या पहाटे पाहिले, तर तो एक डोंगर नसून तीन आहेत हे कळते. या साऱ्या ठिकाणी रविवारी पहाटे निघून दुपारपर्यंत घरी परतता येते. सोमवारची ७.१० ची गाडी चुकत नाही.

१ जून १९९८ रोजी, पावसाळा तोंडावर आला असताना, गोनीदांचे निधन झाले. कन्या वीणा देव आणि जामात विजय देव यांनी त्यांच्या कादंबऱ्यांचे अभिवाचन करून त्या नव्या श्रोत्यांपर्यंत नेल्या. त्यांच्या स्मृतीने प्रेरित झालेली मंडळी दुर्गसाहित्य संमेलनांच्या निमित्ताने किल्ल्यांवर एकत्र आली. जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांच्या लष्करी स्थापत्याचा वारसा म्हणून १२ किल्ल्यांना जागतिक वारसा यादीत स्थान दिले. त्यांत राजगड आहे, रायगड आहे आणि तळेगावपासून जवळच असलेला लोहगडही आहे.

बुधाच्या राजमाचीचे नाव त्या यादीत नाही. तिथे जायला विरारहून पहाटेची पहिली गाडी धरून दादरला उतरायचे, कर्जतची गाडी पकडायची आणि पुढे कोंदिवड्यापर्यंत रिक्षा करायची. कोंढाणे लेणी मागे पडली की खरी चढण सुरू होते आणि काही तासांनी झाडीतून माचीवरची घरे दिसू लागतात.